आला म्हणावे की आली?

सौंदत्तीच्या यल्लम्माची पुनव जवळ आली की खानापूर भागातल्या गल्लीत चौंडक्याचा आवाज येतो. डोक्यावर जग, कपाळभर भंडारा, अंगावर हिरवे लुगडे. आणि जोगवा मागणारा गळा पुरुषाचा. दारातली आजी सुपातून पसाभर तांदूळ घालते, पाया पडते. आत येऊन सांगताना मात्र ती अडते: जोगत्या 'आला' म्हणावे की 'आली'? आपल्या मराठीला क्रियापदापाशी निवाडा हवाच. आदराने बोलले तरी 'आले' की 'आल्या' हे ठरवावे लागते. कन्नडात 'बंदरु' म्हटले की भागते. (त्याच कन्नडाने 'जोगप्पा' या नावात मात्र 'अप्पा' ठेवला आहे, ही आणखी गंमत!)

देवांपाशी आपण असे अडत नाही. बदामीच्या पहिल्या लेण्यात सहाव्या शतकापासून अर्धनारीश्वर उभा आहे. गोव्यात म्हार्दोळची म्हाळसा म्हणजे विष्णूचे मोहिनीरूप. घाट चढून वर आलो की म्हाळसा ही खंडोबाची बायको. विठोबाला माउली म्हणताना वारकऱ्याची जीभ अडखळत नाही. तिकडे चीनमध्ये अवलोकितेश्वर हा बोधिसत्त्व काही शतकांत गुआनयिन ही करुणामयी देवी झाला.

मग माणसापाशीच का अडावे? रेणुकेला मारण्यास नकार देणाऱ्या मुलांना जमदग्नीने शापले. महाभारतात ती मुले बुद्धिहीन होतात. आपल्या भागातल्या लोककथेत त्यांचे पुरुषत्व जाते. आईवर शस्त्र न उचलणारे ते पुरुष नव्हेत, असा त्याचा अर्थ! मला तर त्या घरात तेच शहाणे वाटतात.

पोराची चालबोल वेगळी दिसली की घरात आधी मार, मग 'यल्लम्मानं धरलंय' हा निर्वाळा. शिकलेला माणूस याला अंधश्रद्धा म्हणून मोकळा होतो. पण त्या पोराला लुगडे नेसण्याची मुभा अन्य कोणी दिली असती? देवीने आडोसा दिला, हे खरेच. त्याची किंमतही घेतली: घर सुटले, वाटणी सुटली, पोटासाठी परडी हाती आली. ज्याच्या आपण पाया पडतो त्याला पंगतीत बसवत नाही. देवत्व ही वाळीत टाकण्याचीच एक सभ्य रीत तर नव्हे?

कर्नाटकाच्या 1982 च्या देवदासी प्रतिबंधक कायद्यात स्त्रियांचा विचार झाला. जोगत्या बाहेरच राहिला. राजन गवसांनी 'भंडारभोग'मध्ये त्याला मराठीत आणले. 2014 साली सर्वोच्च न्यायालयाने तृतीयपंथीयांना आपली ओळख आपण सांगण्याचा हक्क मान्य केला. जोगती नृत्य करणाऱ्या मंजम्मा जोगती 2019 साली कर्नाटक जानपद अकादमीच्या अध्यक्ष झाल्या आणि 2021 साली पद्मश्री. मंजम्मांविषयी लिहिताना 'झाल्या' हे क्रियापद किती सहज आले!

असो. पुनव पुन्हा येईल, आजी सूप घेऊन उंबऱ्यावर जाईल. जोगवा घेऊन झाल्यावर समोरच्या व्यक्तीने सहज विचारले, 'आजी, मागची खोली भाड्यानं देताय काय?' तर?