शेवटच्या रांगेतली मावशी

सकाळी पेपर हातात आला की मी आधी नाटकांच्या जाहिरातींचं पान काढतो. ही तरुणपणची सवय, मी नाटकात काम करायचो तेव्हाची. राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमींना आमचे दिग्दर्शक मुद्दाम शेवटच्या रांगेत जाऊन बसायचे आणि तिथून ओरडायचे, "ऐकू येत नाही!" ते इतकं अंगात मुरलं, की पुढे एका माहितीपटात दोन वाक्यं बोलायची वेळ आली तेव्हा ध्वनिमुद्रण करणाऱ्या मुलाने हेडफोन काढून हात जोडले. "काका, माइक तुमच्या कॉलरलाच आहे."

तेव्हा मला पहिल्यांदा विजया मेहतांचं कौतुक नीट कळलं.

१९६० मध्ये 'रंगायन' ही नाट्यसंस्था उभी करणाऱ्या विजयाबाई पक्क्या रंगभूमीच्या. जयवंत दळवींचं 'बॅरिस्टर' त्यांनी १९७७ मध्ये बसवलं. विक्रम गोखले बॅरिस्टर, सुहास जोशी राधा, आणि केशवपन केलेली, अलवणातली मावशी स्वतः विजयाबाई. पुढे याच नाटकावर त्यांनी 'रावसाहेब' हा हिंदी चित्रपट केला, १९८५ चा. बॅरिस्टर झाला अनुपम खेर, राधा झाली तन्वी आझमी. मावशी मात्र त्यांनी स्वतःकडेच ठेवली.

मराठी वाड्यातली सोवळी बाई हिंदीत बोलते, हे मला आजही थोडं खटकतं. पण त्याहून मोठी अडचण अंतराची असणार. तीच बाई, तेच दुःख, तोच अंधारा वाडा. फक्त नाटकात ती शेवटच्या रांगेपर्यंत पोचली पाहिजे आणि सिनेमात भिंग नाकासमोर उभं. नाटकात जे मान वळवून दाखवायचं, ते इथे पापणीने भागतं. वर नाटकात भूमिका सुरुवातीपासून शेवटापर्यंत एका दमात चढत जाते. सिनेमात शेवटचा प्रसंग आधी घेतात आणि पहिला पंधरा दिवसांनी. आणि हे सगळं करताना दिग्दर्शकही आपणच! कॅमेऱ्यापुढे मावशी व्हायचं, 'कट' झालं की अलवण सावरत कॅमेऱ्यामागे जाऊन मावशी कशी झाली असेल याचा अंदाज घ्यायचा.

या चित्रपटासाठी विजयाबाईंना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. गंमत अशी, की रंगमंचावर दुसऱ्यांचे आवाज, हालचाली घडवण्यात ज्यांचं आयुष्य गेलं, त्यांना सिनेमाने दाद दिली ती त्यांच्या स्वतःच्या चेहऱ्याला. मला वाटतं, त्या चेहऱ्यात नाटकाचे प्रयोग मुरलेले होते. लोणच्याला बरणीत दिवस लागतात, तसं. सेटवर पहिल्यांदाच पाठ केलेल्या मावशीला इतकं गप्प राहता आलं नसतं.

हे जाणं-येणं त्यांनी पुढेही चालू ठेवलं. पारशी जगातला 'पेस्तनजी' थेट पडद्यासाठी केला. महेश एलकुंचवारांचं 'वाडा चिरेबंदी' आधी रंगमंचावर आणलं, मग त्याची हिंदी टेलिफिल्म केली. नाटकाचं एक दुखणं असतं. पहिला प्रयोग झाला की ते दिग्दर्शकाच्या हातून सुटतं, नटांबरोबर वाढतं, कधी बिघडतंही. सिनेमा संकलनाच्या टेबलावर एकदा बांधला की बांधला. त्यातली चूकही जन्माची. दिग्दर्शकाला यातलं काय जास्त छळत असेल? मी तरी नाटकाच्या बाजूचा. बिघडलेला प्रयोग उद्या सुधारता येतो.

माझ्या आत्याने 'बॅरिस्टर' पाहिलं होतं, बाल्कनीतून. बऱ्याच वर्षांनी टीव्हीवर 'रावसाहेब' लागला तेव्हा ती पुढे सरसावून बसली. मावशी दिसली, पडदाभर. आत्या बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "हीच ती. पण तेव्हा एवढी जवळ नव्हती रे."

आणि तिने आपली खुर्ची दोन हात मागे घेतली.