दूरचे दिसले, दारचे राहिले

1795 च्या जानेवारीत हॉलंडमधल्या नद्या गोठल्या आणि त्या बर्फावरून फ्रेंच सैन्य आत शिरले. तिथला सत्ताधीश पाचवा विल्यम इंग्लंडला पळाला, चौकाचौकांत स्वातंत्र्याचे वृक्ष रोवले गेले आणि बटाव्हियन प्रजासत्ताकाची घोषणा झाली. डच सैन्यातल्या स्विस पलटणीत त्या वेळी डाविड हेस नावाचा तरुण होता. जन्म 1770 चा, झ्युरिकच्या सुखवस्तू नागरी घराण्यातला. कोवळ्या वयातच तो परदेशी चाकरीत आला होता. हातात चित्रकला होती आणि माणसाचे ढोंग नजरेतून सुटत नव्हते.

1796 मध्ये त्याच्या रेखाटनांवरून तयार झालेली वीस व्यंगचित्रे लंडनमधून निनावी प्रसिद्ध झाली. मालिकेचे नाव होते ‘होलांडिया रेजेनेराटा’, म्हणजे पुनर्जन्म पावलेले हॉलंड. नव्या राजवटीला समित्यांचे फार वेड. हेसने एकेक समिती घेऊन तिचे रूप कागदावर उतरवले आणि खाली बायबलमधल्या वचनांचे दाखले दिले. जनतेच्या नावाने बोलणाऱ्यांचे हात प्रत्यक्षात कशात गुंतलेले असतात, हे चित्र पाहणाऱ्याला लगेच कळावे अशी ती योजना होती.

हे काम मला मोलाचे वाटते. मोठे शब्द चलनात आले की त्यांची पारख करणारा कोणीतरी लागतो, आणि क्रांतीच्या काळात मोठ्या शब्दांना तोटा नसतो. हेसचा हा संशय खोटाही ठरला नाही. 1798 मध्ये फ्रेंच सैन्य स्वित्झर्लंडमध्ये घुसले आणि पुढच्याच वर्षी झ्युरिकसाठी दोन लढाया झाल्या. दुसऱ्या लढाईनंतर, 26 सप्टेंबर 1799 ला, शहराचे प्रसिद्ध धर्मोपदेशक लाव्हाटर यांना एका सैनिकाची गोळी लागली. सव्वा वर्ष यातना सोसून 1801 च्या जानेवारीत ते गेले. स्वातंत्र्य घेऊन आलेल्या सैन्याचे हे रूप झ्युरिककरांनी आपल्या गल्लीत पाहिले.

पण याच वर्षांतली दुसरी हकीकत हेसच्या घराच्या किती जवळची होती! झ्युरिकच्या सरोवराकाठी स्टेफा नावाचे गाव आहे. झ्युरिक शहर आसपासच्या खेड्यांवर राज्य करी आणि खेडुतांना शहरवासीयांचे हक्क नसत. त्यांनी कापूस कातावा, विणावा, पण माल शहरातल्या व्यापाऱ्यांच्याच हाती द्यावा. मोठ्या पदांची आणि धर्मोपदेशकाच्या शिक्षणाची वाटही शहरवासीयांसाठीच राखलेली. 1794 मध्ये स्टेफाच्या लोकांनी याबद्दल एक अर्ज तयार केला. भाषा नम्र होती. शहराच्या सत्ताधाऱ्यांनी अर्ज लिहिणाऱ्यांना शिक्षा केल्या आणि पुढच्या वर्षी गावात सैन्य घातले. योहान याकोब बोडमर या वयस्क पुढाऱ्याच्या डोक्यावरून जल्लादाने तलवार फिरवली, म्हणजे प्रतीकरूपाने त्याचा शिरच्छेद झाला, आणि मग त्याला जन्मठेप ठोठावली गेली. 1798 मध्ये क्रांतीची लाट दाराशी आली तेव्हा कुठे त्याची सुटका झाली.

हेस त्याच शहराचा आणि त्याच हक्कदार वर्गाचा. हॉलंडवरच्या चित्रमालिकेत स्टेफाला जागा असणार नाही, हे उघड आहे. तरी त्या वीस चित्रांशेजारी बोडमरच्या डोक्यावरची ती तलवार ठेवली की मन अस्वस्थ होते. नव्या सत्तेतला लोभ हेसला दिसला, तो खरा होता. जुन्या सत्तेतला अन्यायही तितकाच खरा होता, आणि तो झ्युरिकच्या वेशीबाहेर रोज घडत होता. उपहास करणाऱ्याकडून मी एवढीच अपेक्षा करीन, की ज्या व्यवस्थेने त्याला सुरक्षित ठेवले तिच्याकडेही त्याने त्याच तीक्ष्ण नजरेने पाहावे. आपण परक्या पक्षाच्या पुढाऱ्याचे चित्र हौसेने पुढे पाठवतो. आपल्याच जातीच्या, आपल्याच संस्थेच्या पंगतीत कोणाला बसू दिले जात नाही, हे मात्र आपल्याला चित्राचा विषय वाटत नाही.

उलथापालथीच्या काळातून परतलेला हेस पुढे लेखणीकडे वळला. 1818 मध्ये बाडेनच्या गरम पाण्याच्या झऱ्यांवर आणि तिथल्या जनजीवनावर त्याचे रसाळ पुस्तक आले. 1820 मध्ये त्याने सालोमॉन लांडोल्ट यांचे चरित्र लिहिले. लांडोल्ट हे ग्राइफेनझेचे जुन्या राजवटीतले अंमलदार, विक्षिप्त आणि न्यायी म्हणून लोकांच्या आठवणीत राहिलेले. याच चरित्रातून पुढे स्विस लेखक गॉटफ्रीड केलरला आपल्या प्रसिद्ध कथेचे बीज मिळाले. लांडोल्ट चांगला माणूस होता, यात शंका नाही. पण चांगला अंमलदार मिळणे हे खेडुतांचे नशीब होते, हक्क नव्हता.

मला सर्वात जवळचे वाटते ते हेसचे आणखी एक पुस्तक. योहान कास्पर श्वाइत्सर हा झ्युरिकचाच धनिक, लाव्हाटरचा मित्र, माणसाच्या चांगुलपणावर अतोनात विश्वास ठेवणारा. 1786 मध्ये तो पॅरिसला गेला. त्याच्या घरी मिराबोसारख्या क्रांतिपुढाऱ्यांचा राबता होता. क्रांतीवर त्याने जीव ओवाळून टाकला, संपत्ती घालवली आणि तो 1811 मध्ये पॅरिसमध्येच विपन्नावस्थेत मेला. हॉलंडच्या क्रांतिकारकांची रेवडी उडवणाऱ्या हेसने या क्रांतिवेड्या माणसाचे आणि त्याच्या पत्नीचे सविस्तर चरित्र लिहिले. व्यंगचित्रात माणसाचा एक दोष पुरतो, चरित्रात त्याची भाबडी आशा, त्याचे कर्ज, त्याची बायको, त्याचे एकटेपण, सगळ्यांना जागा द्यावी लागते. हेसने ती दिली. ज्या विचाराची त्याने कधीकाळी टिंगल केली होती, त्या विचारापायी उद्ध्वस्त झालेल्या माणसाजवळ तो पानामागून पान बसला.

हेस 1843 मध्ये गेला. त्याच्या हयातीत हे पुस्तक निघाले नाही. याकोब बेख्टोल्ड यांनी ते 1884 मध्ये प्रकाशात आणले, आणि विस्मरणात गेलेल्या श्वाइत्सरबद्दल आज आपल्याला जे कळते त्यातले पुष्कळसे या जुन्या व्यंगचित्रकाराच्या कष्टांमुळे.