आवाज ओतता आला असता तर

कल्पना करा, एक असं जग आहे जिथे आवाज द्रव होतो. गाणं भांड्यात धरता येतं, झाकून ठेवता येतं, नातवंडांना वाढता येतं. तिथे कुणाचाही आवाज त्याच्याबरोबर संपत नाही.

आपल्या जगात आवाज धरून ठेवणं १८७७ साली एडिसनच्या फोनोग्राफमुळे शक्य झालं. १९०२ मध्ये कोलकात्यात गायिका गौहरजान यांचं गाणं ग्रामोफोनच्या तबकडीवर उतरलं. पण गायनाचार्य भास्करबुवा बखले १९२२ साली गेले आणि त्यांच्या गाण्याचं एकही ध्वनिमुद्रण आज आपल्याजवळ नाही. बालगंधर्व, मास्तर कृष्णराव हे त्यांचे शिष्य. शिष्यांच्या तबकड्या ऐकताना गुरूचा गळा कसा असेल, याचा अंदाज बांधत राहायचं, एवढंच आपल्या हाती उरलं. मला ही हानी फार मोठी वाटते.

आज ध्वनिमुद्रणाचं यंत्र प्रत्येकाच्या खिशात आहे. तरीही आजीच्या जात्यावरच्या ओव्या, आजोबांचे अभंग किती घरांत जपले जातात? आज संध्याकाळी त्यांच्याजवळ बसा, मोबाइल सुरू करा आणि त्यांना गायला सांगा.