कोरडा फडका

सोसायटीच्या पार्किंगमध्ये सकाळी एक बादली, एक फडका आणि ओळीनं आठ-दहा गाड्या. तिसऱ्या गाडीपर्यंत बादलीतलं पाणी चहाच्या रंगाचं होतं. गाड्या मात्र चकाचक, मालक खूश. त्यातली एखादी काळी गाडी उन्हात उभी करा आणि बॉनेटवर सूर्य चमकतो तिथं नीट बघा. भोवती कोळ्याच्या जाळ्यासारखे बारीक गोल चरे दिसतील. खरं तर ते गोल नसतातच. चरे सगळ्या दिशांना गेलेले असतात. प्रकाशाला आडवे पडलेले तेवढे चमकतात, म्हणून वर्तुळ भासतं.

हे चरे पाडते ती फडक्याखाली सापडलेली धूळ. तिच्यात क्वार्ट्झचे कण असतात, आणि क्वार्ट्झनं काचेवरसुद्धा ओरखडा उठतो. गाडीच्या रंगावरचा पारदर्शक थर, क्लिअर कोट, साधारण 40-50 मायक्रॉनचा, म्हणजे केसाहूनही पातळ. पॉलिश करून चरे जातात खरे. पण पॉलिश म्हणजे तोच थर आणखी थोडा घासून काढणं. तो काही पुन्हा वाढत नाही.

म्हणून हात लावण्याआधी जितकी धूळ निघेल तितकी पाण्यानंच काढायची. पाइप नसेल तर मगानं, टपापासून खाली. वाळलेला चिखल भिजू द्यावा, नखानं खरवडू नये. मग कार शॅम्पू. त्याचं अर्धं काम मळ काढण्याचं, अर्धं निसरडेपणाचं: उरलेला कण रंगावर रुतण्याऐवजी घसरून जातो. भांड्यांच्या साबणानं मळ निघतो, पण वॅक्सही जातं. बादल्या दोन हव्यात, एकीत शॅम्पू, दुसरीत नुसतं पाणी. मायक्रोफायबरचं कापड दर वेळी आधी साध्या पाण्यात खळबळायचं. दारांचा खालचा भाग आणि बंपर शेवटी, चाकांचं कापड वेगळंच. आणि जमिनीवर पडलेलं कापड? ते त्या दिवशी गाडीला लावायचं नाही, कितीही झटकलं तरी.

हे सगळं सावलीत. तापलेल्या बॉनेटवर बोअरचं पाणी लगेच वाळतं आणि क्षारांचे पांढरे डाग मागे राहतात. वाळवतानाही कापड टेकवून पाणी टिपायचं, रगडायचं नाही. पक्ष्याची शीट दिसली तर मात्र रविवारची वाट बघू नये, उन्हात ती रंगाला खाते. ओली पट्टी पाच मिनिटं ठेवून अलगद उचलावी.

रोज गाडी पुसणाऱ्या दादांना दुसरी बादली आणि चार कापडं आपणच द्यावीत. महिन्याला दहा गाड्यांच्या पैशांत त्यांनी ती विकत घ्यावीत ही अपेक्षा चुकीची. टँकरच्या दिवसांत त्यांना ओल्या कापडानं फक्त काचा आणि आरसे पुसायला सांगावं. बाकी गाडी आठवडाभर धुळीची राहिली तरी रंगाचं काही बिघडत नाही.