मौन आणि मरण

हाकेला ओ आली नाहीं, एवढ्यावरून माणूस मेला असें कोणी शहाणा मानीत नाहीं. परंतु ओ येण्याची वाट किती वेळ पाहावयाची, ह्याचा निकाल आपण सहसा भावनेवर सोपवितों. यंत्रांच्या व्यवहारांत मात्र तो आधींच ठरवून ठेवावा लागतो.

मोठमोठ्या हिशेबांचे संगणक ज्या तबकड्यांवर मजकूर सांठवितात, त्यांची व्यवस्था पाहणारी ओरॅकलची 'एएसएम' नांवाची प्रणाली आहे. दुहेरी रक्षणाचा प्रकार निवडल्यास ती प्रत्येक मजकुराची दुसरी प्रत निराळ्या गटांतील तबकडीवर ठेविते. एखाद्या तबकडीवर लिहितां येईनासें झालें, कीं तिला ती कामावरून दूर करते. पण लगेच बडतर्फ करीत नाहीं. कारण दोष पुष्कळदां तबकडीचा नसून जोडतारेचा किंवा वीजपुरवठ्याचा असतो. २००७ सालच्या आवृत्तीपासून अशा तबकडीला मुदत मिळूं लागली. ती त्या वेळीं ३.६ तासांची होती, व व्यवस्थापकाला ती कमीअधिक करतां येते. मुदतींत तबकडी परतली, तर मधल्या काळांत बदललेला तेवढाच भाग तिच्यावर पुन्हा लिहिला जातो. न परतल्यास तिचें नांव कमी होऊन, उरलेल्या प्रतींवरून नव्या प्रति इतर तबकड्यांच्या रिकाम्या जागेंत तयार होतात.

कोणी म्हणेल, मग मुदत दीर्घच ठेवावी. दयेला मर्यादा कशाला? हा आक्षेप दिसतो तितका उदार नाहीं. वाट पाहण्याच्या काळांत त्या मजकुराची एकच प्रत उरलेली असते. ती धारण करणारी तबकडीही तेवढ्यांत बिघडली, तर मजकूर कायमचा गेला. आणि तो व्यवस्थापकाचा नसून परक्या ठेवीदाराचा असतो. म्हणजे क्षमा एकाची व जोखीम दुसऱ्याची! उलट, मुदत फार आंखूड ठेवली, तर केवळ तार निसटल्यामुळें सारा मजकूर नव्यानें उतरण्याचा भार उरलेल्यांवर पडतो.

सार्वजनिक संस्थांतून चुकार माणसाला वर्षानुवर्षें सांभाळून घेणारे चालक आपणांस क्षमाशील म्हणवितात, तेव्हां हीच कसोटी लावावी. सहनशीलतेची किंमत स्वतः मोजली तर ती सद्गुण. दुसऱ्याला मोजावयास लावली तर ती निव्वळ संकोच. आणखीही एक गोष्ट ह्या यंत्रापासून घेण्यासारखी आहे. परतलेल्याला जागा द्यावी. पण मधल्या काळांत काय बदललें हें त्याच्या पदरीं पडेपर्यंत त्याची साक्ष प्रमाण मानूं नये.