मेंदीच्या रात्रीचे अश्रू

बर्लिनच्या क्रॉइत्सबेर्ग भागातील एखाद्या तुर्क घरात विवाहापूर्वी मेंदीची रात्र होते, तेव्हा जरीकामाचा मखमली झगा ल्यालेल्या आणि तांबडी ओढणी मुखावर घेतलेल्या वधूस मध्यभागी बसवून, पेटत्या मेणबत्त्या हाती घेतलेल्या स्त्रिया तिच्याभोवती फेर धरतात, आणि दूरदेशी दिलेली मुलगी आईसाठी झुरते अशा अर्थाचे जुने लोकगीत तिचे डोळे पाणावेपर्यंत आळवीत राहतात. वधूने मूठ मिटून धरावयाची आणि सासूने सोन्याचे नाणे दिल्यावाचून ती उघडावयाची नाही, असा संकेत आहे. त्या ओढाताणीची मौज रडणाऱ्यांनाही वाटतेच.

परंतु ही वधू उद्या जावयाची ती बहुधा त्याच शहरात, भुयारी रेल्वेच्या चार स्थानकांपलीकडे. ज्या वियोगासाठी विधी निर्माण झाला तो वियोगच उरला नाही, तर या अश्रूंना सत्य म्हणावे की नुसता उपचार?

धर्मशास्त्राकडे दाद मागावी, तर तुर्कांत प्रचलित असलेल्या हनफी मताप्रमाणे निकाह हा करार. प्रस्ताव, स्वीकार आणि साक्षीदार असले म्हणजे तो सिद्ध होतो, मेहेर, म्हणजे वराने द्यावयाचे धन, हा वधूचा हक्क ठरतो, आणि मेंदीवाचून त्याचे काहीच अडत नाही. सरकारी दप्तराला केवळ नोंद कळते. तुर्कस्तानात १९२६ च्या मुलकी कायद्यापासून हीच स्थिती, आणि जर्मनीत तर नोंदणीपूर्वी धार्मिक विवाह लावण्यास २००८ अखेरपर्यंत कायद्याने मनाईच होती. इमाम आणि निबंधक या दोघांच्याही लेखी अनावश्यक असलेला विधीच कुटुंबे इतक्या कटाक्षाने जपतात, हे मला विशेष बोलके वाटते.

याचे उत्तर वधूपाशी शोधू नये; फेर धरणाऱ्या वृद्धांपाशी शोधावे. तुर्कस्तान आणि पश्चिम जर्मनी यांच्यातील ३० ऑक्टोबर १९६१ च्या मजूरभरतीच्या करारानंतर इस्तंबूलच्या सिर्केजी स्थानकावरून निघून म्युनिकच्या अकराव्या फलाटावर जे मजूर उतरले, त्यांत एकट्या निघालेल्या स्त्रियाही होत्या. वैद्यकीय तपासणीत त्या पसंत ठरल्या होत्या, हाती मुदतीचा करारनामा होता, आणि दोन-चार वर्षांनी परतावयाचेच आहे अशी सर्वांची समजूत होती. लग्न होऊन जाणाऱ्या मुलीच्या निरोपाचा विधी परंपरेने नेमून दिला होता. कारखान्यात राबावयास जाणाऱ्या मुलीसाठी तसा कोणताच नव्हता. १९७३ साली भरती बंद झाली, आणि परतण्याचा बेत वर्षानुवर्षे पुढे ढकलीत कित्येकजणी तेथल्याच होऊन राहिल्या. मेंदीच्या रात्री त्या अपुऱ्या निरोपाची थकबाकी फेडली जाते, हे म्हणणे इमामांस कदाचित रुचणार नाही. पण नातीला रडविण्यासाठी घेतलेल्या कडव्यावर आजीचाच स्वर आधी दाटून आला, तर त्या रडण्यास मी तरी उपचार म्हणणार नाही.