तोल गेला की सावरायचं



आजचं चिंतन: श्रीमद्भगवद्गीता, अध्याय ६, श्लोक २५ आणि २६.

भगवंत इथे दोन गोष्टी सांगतात. धीर धरलेल्या बुद्धीने मनाला हळूहळू शांत करावं. आणि चंचल मन जिथे जिथे पळेल, तिथून तिथून त्याला आवरून परत आत्म्यापाशी आणावं. हे श्लोक मी कितीदा तरी वाचलेत. यंदा मात्र ते मला माझ्या घोट्याने समजावले.

घोटा सारखा मुरगळायचा. कित्येक महिने फिजिओथेरपी करूनही सांधा सैलच, म्हणून शेवटी ऑपरेशन झालं. लेनार्ट ब्रोस्ट्रॉम या स्वीडिश डॉक्टरांनी १९६६ मध्ये मांडलेली ही पद्धत. यात सहसा नवीन लिगामेंट बसवत नाहीत. आपलंच ताणून सैल पडलेलं लिगामेंट घट्ट करून हाडाला परत शिवतात.

आपल्या इंजिनिअर डोक्याला वाटतं, बग फिक्स झाला, आता डिप्लॉय करा! शरीर तसं चालत नाही. आधी पाय टेकायचाच नाही, मग बूट, मग थोडा थोडा भार. वरची जखम दोन-तीन आठवड्यांत भरते, पण आतले तंतू पक्के व्हायला महिने लागतात. भार दिलाच नाही तर ते कमकुवत राहतात, घाईने दिला तर पुन्हा ताणतात. भगवंतांचं 'हळूहळू' म्हणजे आळस नव्हे. थोडंसंच, पण रोज.

नवव्या आठवड्यात फिजिओ मॅडमनी मला एका पायावर उभं केलं. पाय लटलट कापायला लागला. मी विचारलं, "हे थांबणार कधी?" त्या म्हणाल्या, "तोल जाणारच. गेला की सावरायचं, तेच तर पायाला शिकवतोय आपण."

लिगामेंट म्हणजे नुसती दोरी नाही. सांधा कुठे, कसा वळलाय हे मेंदूला कळवणारी नसांची टोकं त्यात असतात. दुखापतीत ही जाण मंदावते, आणि असं शंभरदा सावरता सावरता सुधारत जाते.

जपाचंही हेच आहे ना? माळ हातात आणि मन ऑफिसच्या ग्रुपवर. मग आपण म्हणतो, "मला जमतच नाही." पण मन पळणार, हे भगवंतांनी धरूनच सांगितलंय. दहा वेळा पळालं आणि दहा वेळा परत आणलं, तर दहा वेळा साधना झाली.

यंदा आषाढी वारीत चालता येणार नाही, याचं वाईट वाटतंच. घोटा पहिल्यासारखा होईल का, ही भीती रात्री येऊन बसते. मन थेट पुढच्या वर्षात जातं. मी त्याला आजच्या तीस सेकंदांवर परत आणतो. विठ्ठलाचं नाव घेत, एका पायावर.

आज जपाला बसाल तेव्हा मन पळालं म्हणून माळ खाली ठेवू नका. पुढचा मणी ओढा.

राम कृष्ण हरी!